पोकेमॉन होममध्ये टाकलेला पोकेमॉन दिसत नाहीये? आधी काहीही डिलीट करू नका

मंडळी, "होममध्ये टाकला होता, आता दिसतच नाही" हा प्रश्न (होम म्हणजे वेगवेगळ्या गेममधले पोकेमॉन एका जागी साठवायचं, मोबाइल आणि निन्टेन्डोच्या स्विच कन्सोलवरचं अ‍ॅप) दर दोन महिन्यांनी कोणीतरी विचारतंच, आणि विचारणाऱ्याचा जीव अगदी टांगणीला लागलेला असतो. लागणारच ना. आठ-दहा वर्षं सांभाळलेला पोकेमॉन असतो, कुणाचा पहिला शायनी (वेगळ्या रंगाचा दुर्मीळ) असतो, कुणाला भावाने ट्रेडमध्ये दिलेला असतो. म्हणून एकदाच सगळं नीट लिहून ठेवतोय. आत्ता या क्षणी ज्यांचा पोकेमॉन गायब आहे त्यांनी एवढंच करा, अ‍ॅप डिलीट करू नका, गेमचा सेव्ह उडवू नका, नवीन अकाउंट काढू नका. माझ्यासमोर आलेल्या बहुतेक केसेसमध्ये पोकेमॉन हरवलेला नसतोच, वाटेत कुठल्यातरी एका थांब्यावर अडकून बसलेला असतो, आणि तो थांबा शोधायच्या आधीच माणूस घाबरून काहीबाही दाबतो तेव्हा खरं नुकसान होतं.

माझ्याकडे एक लक्सरे जातीचा पोकेमॉन आहे, नाव वाघ्या. माझ्या आत्येभावाने, म्हणजे दादाने, न्यू जर्सीत असताना डीएसवरच्या प्लॅटिनम गेममध्ये शिंक्स (लक्सरेचं सुरुवातीचं रूप) पकडून वाढवलेला. २००९ मध्ये सुट्टीत पुण्याला आला तेव्हा त्याने त्याचा डीएस आणि ती कार्ट्रिज दोन्ही मला देऊन टाकलं. वाघ्या हे नावही त्यानेच टाकलंय, इंग्रजी अक्षरांत, आणि ओरिजिनल ट्रेनर म्हणून आजही दादाचंच नाव दिसतं. तो प्लॅटिनममधून ब्लॅक या पुढच्या गेममध्ये आला (त्यासाठी गेममधल्या रूट १५ वरच्या पोके ट्रान्सफर लॅबमध्ये दोन डीएस शेजारी शेजारी ठेवावे लागतात, एका वेळी सहाच येतात, मी शेजारच्या मुलाचा डीएस मागून आणला होता), मग ब्लॅकमधून थ्रीडीएस कन्सोलवरच्या बँकेत (पोकेमॉन बँक, होमच्या आधीचं साठवणीचं अ‍ॅप), बँकेतून होममध्ये, आणि आता स्विचवरच्या स्कार्लेटमध्ये माझ्यासोबत फिरतो. एवढा प्रवास केलेला प्राणी एका संध्याकाळी होम उघडल्यावर दिसला नाही. पूर्ण बॉक्स (पोकेमॉन ठेवायचा तीस घरांचा कप्पा) रिकामा. वाघ्याच नाही, एकही पोकेमॉन नाही, नुसते रिकामे चौकोन. हातातला स्विच खाली ठेवून मी पाच मिनिटं नुसता बसून होतो.

झालं काय होतं, तर दिवाळीत भाचा आला होता, त्याच्यासाठी मी स्विचवर वेगळा यूजर केला होता, आणि होम उघडताना जो यूजर निवडायचा असतो तिथे मी घाईत त्याच्या चित्रावर दाबलं. त्याचा यूजर त्याच्या निन्टेन्डो अकाउंटला जोडलेला, माझा माझ्या. होम हे सगळं निन्टेन्डो अकाउंटवर चालतं, स्विच कुणाचा आहे याच्याशी त्याला काही देणंघेणं नाही. त्याच्या अकाउंटचं होम रिकामं होतं ते रिकामंच दिसणार. बाहेर येऊन स्वतःच्या यूजरने उघडलं तर वाघ्या जिथल्या तिथे.

म्हणून पहिली तपासणी नेहमी हीच. बॉक्स पूर्ण रिकामा दिसतोय किंवा होममध्ये तुमच्या गेमचं चित्रच येत नाहीये, तर नव्वद टक्के चुकीच्या यूजरने उघडलंय असं धरून चाला. होम फक्त त्याच यूजरचा सेव्ह वाचतं ज्या यूजरने ते उघडलंय. मोबाइलवर सुद्धा तेच, मोबाइलच्या होममध्ये आणि स्विचच्या होममध्ये एकच निन्टेन्डो अकाउंट आहे का ते ईमेलसकट बघा. आपल्याकडे ही भानगड जास्त होते कारण निन्टेन्डोचं ईशॉप (ऑनलाइन दुकान) भारतासाठी अधिकृत नाहीच, मग लोक एक अकाउंट अमेरिकेचं काढतात, एक आधीचं जुनं असतं, एक स्विच ज्याच्याकडून घेतला त्याने काढून दिलेलं असतं, आणि दोन वर्षांनी आठवत नाही की होम कुठल्यावर सुरू केलं होतं. एका वहीत लिहून ठेवा. खरंच सांगतोय, वहीत.

गेम दिसत नाही याचं दुसरं कारण म्हणजे गेम अपडेट केलेला नसतो. होम आलं फेब्रुवारी २०२० मध्ये, तेव्हा ते स्विचच्या गेमपैकी फक्त लेट्स गो आणि स्वोर्ड-शील्डशी बोलायचं. ब्रिलियंट डायमंड, शायनिंग पर्ल आणि लेजेंड्स आर्सियस जोडले गेले मे २०२२ मध्ये आणि स्कार्लेट-व्हायोलेट मे २०२३ च्या शेवटी. कार्ट्रिज विकत घेऊन कधी नेटला जोडलीच नसेल तर आतला गेम त्या जोडणीच्या आधीचा असतो. गेम अपडेट करा, होम अपडेट करा, मग बघा. आणि अगदी नवा गेम सुरू केला असेल तर थोडं खेळून बॉक्स मिळेपर्यंत पुढे जा, आपला सेव्ह करा, त्याआधी होमला तिथे ठेवायला जागाच नसते.

आता पोकेमॉन गोवाले, म्हणजे मोबाइलवर गो खेळणारे. यांची तक्रार ठरलेली, "गोमधून पाठवला, गोमधून गेला, पण स्विचवर आला नाही". अहो तो मध्ये मोबाइलच्या होममध्ये दारात उभा आहे. गोमधून पाठवल्यावर मोबाइलवरचं होम उघडावं लागतं, तिथे पोकेमॉन आलेत असं दाखवतं आणि ते तुम्हाला रिसीव्ह म्हणून घ्यावे लागतात. ते घेईपर्यंत स्विचच्या होममध्ये काही दिसत नाही. एका ताईंनी तीन आठवडे स्विचवर रोज उघडून बघितलं, मोबाइलचं होम त्यांनी इन्स्टॉलच केलं नव्हतं, करून उघडल्याबरोबर सगळे आले. आणि मोफत होममध्ये (पैसे भरून घ्यायचं ते प्रीमियम) जागा फक्त ३० ची असते, तो एक बॉक्स भरलेला असेल तर नवीन घेता येत नाही, आधी जागा करा.

गोमधून होम हा रस्ता एकेरी आहे हे पाठवायच्या आधी डोक्यात पक्कं ठेवा, होममधून गोमध्ये तोच प्राणी परत पाठवता येत नाही. होमच्या वाटेने गोचा पोकेमॉन लेट्स गोमध्येही जात नाही, लेट्स गोला थेट गोमधूनच पाठवावा लागतो. टोपी-बिपी घातलेले कॉस्च्युमवाले जात नाहीत, शॅडो (टीम गो रॉकेटकडून मिळालेले) जात नाहीत, प्युरिफाय म्हणजे शुद्ध करून जातात, बडी म्हणून लावलेला किंवा जिममध्ये बसवलेला जात नाही. आणि गोमधल्या ट्रान्सपोर्टरची (पाठवायच्या यंत्रणेची) एनर्जी संपली की भरायला दिवस लागतात, शायनी आणि लेजेंडरीला ती जास्त खर्च होते, त्यामुळे एकच शायनी लेजेंडरी पाठवून सगळी एनर्जी संपली म्हणजे बिघाड झाला असं नाही.

मग येतो सेव्हचा घोळ, आणि हा मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. स्विचच्या होममध्ये तुम्ही पोकेमॉन उचलून गेमच्या बॉक्समधून होमच्या बॉक्समध्ये ठेवता तेव्हा तो प्रत्यक्षात अजून हललेला नसतो. स्क्रीनवर नवीन जागी दिसतो, पण खरी हालचाल होते शेवटी प्लस दाबून सेव्ह करून बाहेर पडताना. त्याआधी स्विचचं होम बटण दाबून सॉफ्टवेअर बंद केलं किंवा लाइट गेली आणि डॉकवरचा स्विच बंद पडला तर तो जिथे होता तिथेच राहतो. म्हणजे ज्यांना वाटतं "मी होममध्ये टाकला होता" त्यांचा पोकेमॉन बऱ्याचदा गेममध्येच सापडतो, जुन्या जागी. गेम उघडून सगळे बॉक्स नीट बघा, पार्टी (सोबत फिरणारे सहा) पण बघा. आमच्याकडे सोसायटीत संध्याकाळी सातनंतर नेट रांगायला लागतं म्हणून मी मोठी हलवाहलव सकाळी करतो, एका वेळी एकच बॉक्स, सेव्ह, बाहेर, परत आत. वेळ जातो पण काळजी राहत नाही. सेव्ह चालू असताना कम्युनिकेशन एरर आली तर लगेच पुन्हा पुन्हा दाबत बसू नका, स्विच पूर्ण बंद करून चालू करा, दहा-पंधरा मिनिटांनी उघडा आणि आधी नुसतं बघा की पोकेमॉन कुठल्या बाजूला आहे. मोबाइल आणि स्विच दोन्हीवर एकदम होम उघडं ठेवू नका. सर्व्हरचं मेंटेनन्स असेल तर वाट बघण्याशिवाय काही इलाज नाही, नवीन गेम जोडला जातो त्या दिवशी तर उघडूच नका असं माझं स्पष्ट मत.

अजून एक जागा लोक हमखास विसरतात, मोबाइलच्या होममधलं जीटीएस (मागणी लावून अदलाबदल) आणि वंडर बॉक्स (अनोळखी माणसाशी आंधळी अदलाबदल). मोबाइलवर कधीतरी हौसेने जीटीएसला लावलेला असतो, समोरून असंभव काहीतरी मागितलेलं असतं, त्यामुळे ट्रेड होत नाही आणि तो तिथेच पडून राहतो. मोफत प्लॅनमध्ये जीटीएसला एक आणि वंडर बॉक्सला तीन, प्रीमियममध्ये तीन आणि दहा ठेवता येतात. तिथे एकदा डोकावून या. जीटीएसवाला मागे घेता येतो. वंडर बॉक्समध्ये जर अदलाबदल झाली असेल तर मात्र तो गेला, तो दुसऱ्या कुणाचा झाला, ते परत फिरत नाही, म्हणून वंडर बॉक्समध्ये जिवाभावाचं काही टाकू नका.

प्रीमियम संपलं की काय होतं हाही नेहमीचा. ३० चा बेसिक बॉक्स तेवढा वापरता येतो, बाकीच्या बॉक्सना हात लावता येत नाही. प्रीमियममध्ये ६००० ची जागा असते, लोक भरभरून टाकतात आणि मग कार्डाचं पेमेंट अडकलं की घाबरतात. परत प्रीमियम घेतलं की बॉक्स उघडतात. महिन्याचा प्लॅन २.९९ डॉलर, वर्षाचा १५.९९ डॉलर असा आहे, तेव्हा सगळे पोकेमॉन बघायला-हलवायला एक महिना पुरतो. ज्यांना दरवर्षी पैसे भरायचे नाहीत त्यांनी त्या महिन्यात जेवढे जातील तेवढे गेमच्या बॉक्सेसमध्ये उतरवून घ्यावेत, स्कार्लेटमध्ये ३२ बॉक्स आहेत म्हणजे ९६० मावतात. पण प्रत्येक पोकेमॉन प्रत्येक गेममध्ये जात नाही. एकूण जाती हजाराच्या वर गेल्यात आणि स्विचच्या कुठल्याच गेममध्ये त्या सगळ्या नाहीत. जो त्या गेममध्ये बनवलेलाच नाही तो उचलून ठेवायला गेलात तरी होम ठेवू देणार नाही. हा बिघाड नाही. क्युरेम झेक्रोम-रेशिरामशी जोडलेला असेल किंवा कॅलिरेक्स घोड्यावर बसलेला असेल तर आधी गेममध्ये वेगळा करा, मगच हलतो. अंडी होममध्ये जात नाहीत, उबवून पाठवा. ब्रिलियंट डायमंडमधली स्पिंडा अडकली म्हणून एकजण रात्री एकला मेसेज करत होता, ती त्या गेममधून बाहेर जातच नाही आणि बाहेरची तिथे येत नाही, तिच्या अंगावरचे ठिपके दोन्हीकडे वेगळे पडतात म्हणून तसं ठेवलंय.

आणि एकदा लेट्स गोमधून स्वोर्ड किंवा पुढच्या गेममध्ये गेलेला लेट्स गोला परत येत नाही. नुसता होमपर्यंत आणलेला असेल तर येतो. इथे घाई करून पस्तावलेले बरेच आहेत.

पोकेमॉन सापडला पण "बदललाय" अशी पण तक्रार येते. वाघ्या स्कार्लेटमध्ये आला तेव्हा त्याचे सगळे मूव्ह (लढाईतले डाव) वेगळे. दादाने घासून घासून शिकवलेले चार मूव्ह, ते गेले म्हणून मला फार वाईट वाटलं होतं. पण मे २०२२ च्या अपडेटनंतर होम प्रत्येक गेमचे मूव्ह वेगळे लक्षात ठेवतं. नव्या गेममध्ये गेला की त्या गेमच्या आणि त्याच्या लेव्हलच्या हिशोबाने नवे चार मिळतात, आणि जुन्या गेममध्ये परत गेला की तिथले जुने परत येतात. तसंच आर्सियसमध्ये पकडलेल्याचा बॉल दुसरीकडे स्ट्रेंज बॉल म्हणून दिसतो, कारण ते हिसुईचे (आर्सियसमधल्या प्रदेशाचे) बॉल बाकी गेममध्ये नाहीतच. आणि शंभर लेव्हलचा पोकेमॉन नव्या गेममध्ये तुमचं ऐकत नसेल तर जिम जिंकून मिळणारे बॅज कमी आहेत, तेवढंच.

आता स्विच बिघडला किंवा बदलला तर. इथे "क्लाउड" या शब्दाने फार गैरसमज होतो. होम क्लाउडवर आहे म्हणजे होममध्ये ठेवलेले पोकेमॉन क्लाउडवर आहेत, तुमचा गेम नाही. गेमचा सेव्ह कन्सोलच्या आतल्या मेमरीत असतो, कार्ट्रिजवर नाही आणि एसडी कार्डवरही नाही. निन्टेन्डो ऑनलाइनचे पैसे भरत असाल तरी लेट्स गो, ब्रिलियंट डायमंड-शायनिंग पर्ल, स्कार्लेट-व्हायोलेट यांचा सेव्ह क्लाउडवर जात नाही. मी माझा जुना स्विच चार्जिंगच्या तक्रारीसाठी एका दुकानात दिला होता, परत आला तो पुसून कोरा. वाघ्या आणि अजून साधारण दोनशे त्याच्या आदल्या रात्री होममध्ये हलवले होते म्हणून ते आहेत. पार्टीतले सहा राहून गेले, ते कायमचे गेले, त्यात भाच्याने पकडलेला पहिला पिकाचू होता. म्हणून कन्सोल दुरुस्तीला द्यायच्या आधी, विकायच्या आधी, भावंडांत बदलायच्या आधी, पार्टी रिकामी करून सगळं होममध्ये. नवीन स्विच किंवा स्विच २ घेतलात तर जुना हातात असतानाच सेव्ह ट्रान्सफर करून घ्या, त्यात सेव्ह जुन्यावरून नव्यावर जातो, दोन्हीकडे राहत नाही.

राहिला थ्रीडीएस, आणि ज्यांचे पोकेमॉन अजून तिथे आहेत त्यांनी हे लवकर वाचा. थ्रीडीएसचं ईशॉप मार्च २०२३ मध्ये बंद झालं, एप्रिल २०२४ मध्ये ऑनलाइन खेळणं बंद झालं, बँक आणि पोके ट्रान्सपोर्टर (जुन्या गेममधले पोकेमॉन बँकेत नेणारं अ‍ॅप) मात्र चालू ठेवलेत आणि बँकेचे वर्षाचे पैसेही आता लागत नाहीत. पूर्वी कधी डाउनलोड केलं असेल तर पुन्हा उतरवता येतं. कधीच केलं नसेल तर ज्याच्याकडे आहे असा मित्र गाठा, त्याच्या बँकेतून त्याच्या होममध्ये न्या आणि मग ट्रेड करून घ्या.

अडतं कुठे, तर पहिलं वायफाय. थ्रीडीएसला फक्त २.४ गिगाहर्ट्झ कळतं आणि सिक्युरिटी डब्ल्यूपीए २ पर्यंत. नवीन फायबरच्या राउटरवर दोन्ही बँड एकाच नावाने असतात किंवा डब्ल्यूपीए ३ लावलेलं असतं, मग थ्रीडीएसला नेटवर्क दिसतच नाही किंवा जोडताना नापास होतं. राउटरच्या सेटिंगमध्ये २.४ ला वेगळं नाव द्या आणि डब्ल्यूपीए २ करा. ते जमत नसेल तर जुन्या फोनचा हॉटस्पॉट २.४ वर लावा, माझं त्याच्यावरच झालं.

दुसरं, ट्रान्सपोर्टर फक्त पहिल्या बॉक्समधलेच नेतो. ब्लॅक-व्हाइटमध्ये दुसऱ्या बॉक्सात ठेवून "नेत नाही" म्हणू नका, सगळे पहिल्यात आणा, तीस-तीस करून. नेलेले बँकेत ट्रान्सपोर्ट बॉक्समध्ये उतरतात आणि तो बॉक्स बँक उघडून रिकामा केल्याशिवाय पुढचे तीस जात नाहीत. सगळ्यात जास्त लोक इथे अडकतात. प्रत्येक फेरीनंतर बँक उघडा, ट्रान्सपोर्ट बॉक्समधून साध्या बॉक्समध्ये काढा, सेव्ह करा, मग परत ट्रान्सपोर्टर. कार्ट्रिज वाचत नसेल तर पितळी पट्ट्या सुक्या स्वच्छ कापडाने पुसा, तोंडाने फुंकर मारू नका, थुंकीचा ओलावा जातो आत. जुन्या राखाडी गेमबॉयच्या खऱ्या कार्ट्रिजमधून मात्र वर यायला रस्ता नाही, ईशॉपवरून घेतलेल्या रेड, ब्लू, यलो, गोल्ड, सिल्व्हर, क्रिस्टल यांतूनच येतात.

तिसरं, बँकेतून होम. यासाठी होमचं प्रीमियम लागतंच, आणि हा पण एकेरी रस्ता. होममध्ये मूव्हिंग की (तात्पुरता कोड) मिळते, ती तीन मिनिटांत थ्रीडीएसच्या बँकेत टाकावी लागते. तीन मिनिटं भरपूर वाटतात पण त्या छोट्या स्क्रीनवर स्टायलसने एकेक अक्षर टिपताना घाम फुटतो, आणि बँक उघडायलाच पहिली दोन मिनिटं जातात. त्यामुळे उलट क्रमाने करा. आधी थ्रीडीएसवर बँक उघडा, होमला पाठवा या पानापर्यंत या, कोणते बॉक्स पाठवायचे ते निवडून ठेवा, आणि मगच होममध्ये की मागा. घरातलं कुणीतरी शेजारी बसवून वाचायला सांगा. माझ्या वेळी आईने वाचली, एकेक अक्षर दोनदा म्हणून, आणि दुसऱ्या खेपेत वाघ्याचा बॉक्स गेला.

यातलं सगळं करूनही सापडत नसेल तर खाली लिहा, पण नुसतं "गायब झाला" लिहू नका. शेवटचा नक्की कुठे पाहिला होता, कुठल्या गेममध्ये की होममध्ये, प्रीमियम चालू आहे का, स्विचवर यूजर किती आहेत आणि मोबाइलच्या होममध्ये तेच अकाउंट आहे का, एरर आली असेल तर त्याचा आकडा. जातीचं नाव, टोपणनाव आणि ओरिजिनल ट्रेनरचं नावही आठवून ठेवा, होममध्ये शोधताना लागतं. रात्री जेवणं झाल्यावर मी असतोच.